'परिस्थितीजन्य पुरावा' म्हणजे कच्चा पुरावा का?

जिज्ञासू: 'केवळ परिस्थितीजन्य पुराव्यावर जन्मठेप' अशी बातमी अधूनमधून वाचतो. साक्षीदार नाही म्हणून कोर्टाने अंदाजपंचे शिक्षा दिली, असं त्या 'केवळ'मुळे वाटतं. नेमका अर्थ काय? आणि 'ति' ऱ्हस्व की दीर्घ?

तालुकावकील: 'ति' आधी उरकतो. नियमाने 'परिस्थितिजन्य', वापरात सर्रास दीर्घ. पुढे.

'केवळ' हा बातमीदाराचा शब्द. वार होताना पाहिला त्याची साक्ष म्हणजे प्रत्यक्ष पुरावा. बोटांचे ठसे, डीएनए, मयताबरोबर आरोपीला शेवटचं पाहणारा पानवाला, हे सगळं परिस्थितीजन्य. साक्षीदार फितूर होतो, ठसा होत नाही! मात्र कसोटी कडक आहे. शरद बिरधीचंद सारडा खटल्यात (१९८४, प्रकरण पुण्याचं) सर्वोच्च न्यायालयाने पाच अटी घातल्या, त्यांना निकालातच 'पंचशील' म्हटलंय. प्रत्येक दुवा स्वतंत्रपणे शाबीत हवा, साखळी अखंड हवी आणि आरोपी निर्दोष असण्याची वाजवी शक्यता उरता कामा नये. 'दोषी असू शकेल' चालत नाही, 'असलाच पाहिजे' लागतं. त्या खटल्यात आरोपी सुटला, हे बरेचजण विसरतात.

जुनापुणेकर: उलट टोकाचा डॉ. अनंत लागू यांचा खटला घ्या. नोव्हेंबर १९५६, पुण्याहून मुंबईला जाणारी रात्रीची गाडी. डॉक्टर आपल्या श्रीमंत विधवा रुग्णाला बेशुद्धावस्थेत जी. टी. रुग्णालयात घेऊन गेला आणि तिचं नाव खोटं सांगितलं. ती गेली. शवविच्छेदनात विष सापडलंच नाही. पण नंतर तिची मालमत्ता याने हडपली आणि 'मी पुन्हा लग्न केलंय' अशी तिच्या नावची बनावट पत्रं नातेवाइकांना गेली. डिसेंबर १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक मताने फाशी कायम ठेवली. विष सापडलं नाही, तरी वागणुकीनेच साखळी पुरी केली.

जिज्ञासू: मग पंचनाम्यातलं 'आरोपीने कोयता काढून दिला' कशात मोडतं?

तालुकावकील: यातच. पूर्वी साक्ष कायद्याचं कलम २७, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमातलं कलम २३. पोलिस कोठडीतला कबुलीजबाब चालत नाही, पण आरोपीने दिलेल्या माहितीवरून वस्तू सापडली, तर तेवढाच भाग ग्राह्य धरतात. म्हणून तर पंचनाम्यात 'स्वखुशीने, दोन पंचांसमक्ष' ही ठरलेली शब्दावली. उलटतपासणीत मी पहिला प्रश्न तोच विचारतो: जागा आधी कोणाला माहीत होती? कोयता चावडीसमोर उघड्यावर पडलेला असेल, तर 'काढून दिला' या शब्दांत दम राहत नाही. दोन्ही पंच पोलिसांचे नेहमीचेच निघाले, तर उरलासुरलाही जातो.