चार वाजताच्या चहासाठी बदामाची नानकटाई: तोंड गार का पडतंय?

नाशिकची_निशिगंधा
सासऱ्यांना दिवाळीनंतर मधुमेह निघाला. चहातली साखर त्यांनी दुसऱ्याच दिवशी सोडली, एका शब्दाने कुरकुर नाही. पण चार वाजता बशीत काही नसलं की कप हातात धरून नुसते बसून राहतात. जन्मभर नानकटाई बुडवून चहा प्यायलेला माणूस, त्यांना फुटाणे देऊन किती दिवस काढणार?

म्हणून रविवारी घाट घातला. २०० ग्रॅम बदाम सालीसकट मिक्सरमधून काढले. ८० ग्रॅम साजूक तूप, ९० ग्रॅम एरिथ्रिटॉल (साखरेऐवजी वापरतात ती गोड पूड), वेलची, जायफळ. ओटीजी १८० वर, १५ मिनिटं. तुपाचं तळं झालं, सोळा नानकटायांचं मिळून एक थालीपीठ! कडा करपल्या, मध्ये गिच्च. निवल्यावर तुकडा तोंडात टाकला तर आधी दाताखाली कचकच आणि मग जीभ गार. बाबा म्हणाले, "टूथपेस्ट छान जमलीय."

हे गारपण कसं घालवू? आणि मिळून येण्यासाठी थोडं बेसन चालेल का?

खमंग_खवय्या
गूळ घाला की. नैसर्गिक असतो, काही होत नाही.

डोंबिवलीची_भट्टी
खवय्ये, गूळ म्हणजेही मुख्यतः साखरच हो. रंग बदलला म्हणून ग्लुकोमीटर फसत नाही.

निशिगंधा, मी घरून ऑर्डरी घेते, तुझं थालीपीठ माझंही होऊन गेलंय. बदाम एकसारखे फिरवलेस ना? मिक्सर तापला की तेल सुटतं, वर ८० ग्रॅम तूप. बदामात निम्मी चरबी असतेच गं. भिजवून सोल, पंख्याखाली पूर्ण वाळव, मग थांबून थांबून फिरव आणि चाळ. तूप ५० ग्रॅमच्या वर नको.

आता गारपण. एरिथ्रिटॉलचे कण जिभेवर विरघळताना उष्णता ओढून घेतात, त्याचा तो स्वभावच आहे. साखरेपेक्षा गोडीला कमी, म्हणून आपण जास्त ओततो आणि फसतो. ४५ ग्रॅम घे, पिठीसाखरेसारखं वाटून, उरलेली गोडी चिमूटभर स्टीव्हियाने आण. स्टीव्हिया जास्त झाला तर कडू, तेव्हा हात आखडता. किंचित मीठ आणि सुंठ घाल, सुंठेने जीभ तिकडे वळते.

बेसन जरूर घाल, पण दोनच चमचे, तुपात खमंग भाजून. बेसनात १०० ग्रॅमला साधारण ५५-६० ग्रॅम कर्बोदकं असतात, मैद्यात ७५ च्या घरात, बदामाच्या पिठात २० आणि त्यातलाही निम्मा भाग तंतूंचा. सोळा नानकटायांत दोन चमचे विभागले की एकीच्या वाट्याला बेसनातल्या कर्बोदकांचा अर्धा-पाऊण ग्रॅमच येतो. पण नानकटाईचा वास त्या दोन चमच्यांतच आहे.

आणि गोळे वळूच नकोस. विलायती शॉर्टब्रेडसारखं चौकोनी टिनात थापून अर्धा तास फ्रिजमध्ये ठेव. १५० वर २०-२२ मिनिटं. गरम असतानाच सुरीने खुणा पाड, पण उचलू नकोस. ग्लुटेन नाही, गरमपणी भुगा होणार. तासभर टिनातच राहू दे.

एडिसनची_माई
इथे अमेरिकेत दुकानात ॲल्युलोज मिळतं, तेही साखरेऐवजी वापरायचंच. गारपणा नाही आणि साखरेसारखा तांबूस रंग येतो, उलट लवकरच येतो, म्हणून ओव्हनसमोरून हलायचं नाही. पण बिस्किट मऊ राहतं. मी त्यात चक्का, केशर आणि अंडं घालून श्रीखंडाचा चीजकेक करते, खाली बदामाच्या पिठाचा थर. कुरकुरीत हवं असेल तर मात्र एरिथ्रिटॉलच. भसाभसा खाल्लं तर पोट फुगतं, काकांना दोनच्या वर देऊ नकोस. आणि गोळ्या-इन्शुलिन चालू असेल तर पहिल्या वेळी दोन तासांनी साखर मोजून बघ.

नाशिकची_निशिगंधा
भट्टीताई, काल केली! तळं नाही, थालीपीठ नाही. गारपण अगदी शेवटी, घास गिळल्यावर जरासं जाणवतं. बेसन भाजायला घेतलं तेव्हाच बाबा स्वयंपाकघरात येऊन "काय चाललंय?" विचारून गेले. उचलायला अर्धा तासच थांबले (राहवलं नाही), दोन कोपरे तुटले, ते माझ्या पोटात.

चार वाजता बाबांनी वडी सवयीने चहात बुडवली. वर काढली तेव्हा बोटांत अर्धीच! उरलेली त्यांनी चमच्याने तळातून काढून खाल्ली आणि दुसरी घेतली, तीही बुडवूनच. जरा जास्त वेळ टिकावी म्हणून इसबगोल घालून कुणी पाहिलंय का?