मदत हवी आहे : बेसबॉलपटू स्वतःच्याच भूमिकेत असलेले चित्रपट

नमस्कार मंडळी,

न्यू जर्सीत आम्ही काही मराठी कुटुंबं मिळून जुन्या चित्रपटांची एक संध्याकाळ ठरवतोय. मुलं लिटल लीग, म्हणजे लहान मुलांचं बेसबॉल, खेळतात. भारतातून आलेल्या आजी-आजोबांना मात्र क्रिकेट तोंडपाठ, बेसबॉलचा गंध नाही. दोघांनाही रमवेल असा विषय म्हणून खेळाडूंनी पडद्यावर स्वतःचंच काम केलेले चित्रपट शोधतेय.

सुरुवात 'स्पीडी'ने (१९२८) करायचं नक्की आहे. मूकपट, म्हणजे भाषेची अडचण नाही. हॅरॉल्ड लॉइड टॅक्सीवाला आणि मागच्या सीटवर खुद्द बेसबॉलचा दिग्गज बेब रूथ! लॉइड रस्त्याकडे बघायचं सोडून सारखा मागे वळून बोलत राहतो आणि रूथचा जीव टांगणीला लागतो. पुढे 'द प्राइड ऑफ द यँकीज'मध्ये (१९४२) यँकीज संघातला रूथचा साथीदार लू गेरिग झालाय नट गॅरी कूपर, पण रूथ मात्र खराच. गेरिगला जाऊन तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं. सोबतचे खेळाडू रूथची नवी कोरी हॅट कुरतडून खातात, तो प्रसंग मुलांना नक्की आवडेल.

खरा जीव मात्र 'द जॅकी रॉबिन्सन स्टोरी'त (१९५०) अडकलाय. एप्रिल १९४७ मध्ये ब्रुकलिन डॉजर्स संघाकडून उतरून रॉबिन्सनने मेजर लीगमधली (अमेरिकेतलं सर्वोच्च व्यावसायिक बेसबॉल) कृष्णवर्णीय खेळाडूंवरची बंदी मोडली, आणि तीनच वर्षांत, खेळत असतानाच, स्वतःच्या चरित्रपटात नायक झाला. अभिनय साधा आहे, काही ठिकाणी अवघडलेलाही. पण डॉजर्सचा प्रमुख ब्रँच रिकी त्याला विचारतो, शिव्या खाऊनही हात न उचलण्याची धमक आहे का, तिथे मी दर वेळी थांबते. १९४५ च्या ऑगस्टमध्ये रॉबिन्सन खरोखरच रिकीसमोर त्या खुर्चीत बसला होता. कसलेल्या नटाकडून ते मिळालं नसतं असं मला मनापासून वाटतं.

आता मदत हवी ती अशी. मँटल, मॅरिस आणि योगी बेरा हे यँकीजचे खेळाडू 'दॅट टच ऑफ मिंक'मध्ये (१९६२) आहेत, पण तसं क्षणभर दर्शन नको. रॉबिन्सनसारखी मोठी भूमिका हवी. गेरिगने 'रॉहाइड' (१९३८) या वेस्टर्नमध्ये स्वतःचंच काम केलंय. तो कुणी पूर्ण पाहिलाय का, मुलांना चालेल का? दुसरं, आमच्या मुलींपैकी दोघी पिचर (चेंडू टाकणाऱ्या) आहेत, त्यांच्यासाठी स्त्री खेळाडू हव्यात. 'अ लीग ऑफ देअर ओन'च्या (१९९२) शेवटी महिला बेसबॉल लीगमधल्या खऱ्या खेळाडू दिसतात, त्याखेरीज काही सुचतंय का?

आणि रिकीच्या त्या प्रसंगाचे संवाद मी मराठीत करतेय. पडद्यावर खाली ओळी कशा चढवायच्या हे माहीत असलेल्या कुणी हात दिला तर फार बरं होईल. आजी-आजोबांपर्यंत तो प्रसंग शब्दासकट पोचायलाच हवा.