झाक बेकेरची असिस्टंटगिरीची वर्षं वाया गेली का?

निखिल_डोंबिवली:
काल फ्रेंच दिग्दर्शक झाक बेकेरचा 'ल ट्रू' बघितला, तुरुंगातून पळण्याच्या प्रयत्नावरचा सिनेमा, अजून डोक्यातून जात नाहीये. ते कैदी कोठडीची जमीन फोडतात तो शॉट, काही मिनिटं कट नाही की म्युझिक नाही, नुसता काँक्रीटवर लोखंड आपटल्याचा आवाज. मग वाचलं तर हा बेकेर १९३० च्या दशकात कितीतरी वर्षं दिग्दर्शक झाँ रन्वारचा असिस्टंट आणि स्वतःच्या नावावरचा पहिला मोठा सिनेमा थेट १९४२ ला! मीपण सिरियलवर असिस्टंट आहे म्हणून मनापासून विचारतोय, इतका उशीर कशामुळे झाला?

मीरा_के:
सगळा उशीर असिस्टंटगिरीमुळे नाही रे. १९३९ मध्ये त्याने एक सिनेमा करायला घेतला होता पण तो अर्ध्यात सुटला, दुसऱ्याने पुरा केला आणि बेकेरने तो कधी आपला मानलाच नाही. त्यात युद्ध लागलं आणि हा जर्मनांच्या कैदेत. बाकी रन्वारचा 'ग्रँड इल्युजन' परत लाव, जर्मनांच्या हाती लागू नये म्हणून स्वतःचं घड्याळ टाचेखाली चिरडणारा इंग्रज ऑफिसर दिसेल, तो बेकेरच.

चित्रवेडा:
शिकला रन्वारकडे पण नजर त्याची स्वतःची. बेकेरचा 'ग्रिस्बी' (१९५४) गँगस्टरपट ना, पण मला त्यातला कुठला गोळीबार आठवत नाही, आठवतं ते हिरो झाँ गाबँ रात्री मित्राला टोस्ट आणि पाते (मांसाची पेस्ट) खायला घालतो, पायजमा काढून देतो आणि मग दोघं दात घासतात ते. वय झालेली माणसं आहेत हे एकदाही बोलून न दाखवता कळतं, मला तरी हे फार मोठं काम वाटतं. 'ल ट्रू'मध्येपण तेच, टूथब्रशला आरशाचा तुकडा बांधून दाराच्या भोकातून पहाऱ्यावर नजर ठेवतात ते बघ. आणि त्यातला रोलां म्हणजे झाँ केरोदी, सिनेमा ज्यावर बेतलाय त्या १९४७ च्या खऱ्या पलायनाच्या प्रयत्नात हा माणूस स्वतः होता, हात बघूनच कळतं की याला काम येतं.

मीरा_के:
आणि 'ल ट्रू' रिलीज झालेला बेकेरला बघायलाच मिळाला नाही. फेब्रुवारी १९६० मध्ये गेला, ५३ वर्षांचा होता फक्त, सिनेमा आला मार्चमध्ये. मुलगा झाँ बेकेर आधी बापाचाच असिस्टंट, नंतर तोही दिग्दर्शक झाला.

निखिल_डोंबिवली:
ते घड्याळ मी कितीदा बघितलंय, पण तो बेकेर हे आज कळतंय! आता पुढे काय बघू?

चित्रवेडा:
बेकेरचाच 'कास्क दॉर', १९५२. तेव्हा फ्रान्समध्ये फारसा चालला नव्हता, पण त्यातल्या हिरोईनसाठी, सिमोन सिन्योरेसाठी तरी बघच.