धमकी देणारा आणि खरा धोका असणारा: अहवालात फरक कसा दाखवायचा?

प्रश्न: अमेरिकेच्या गृहसुरक्षा खात्याच्या धोका-मूल्यांकन प्रशिक्षणात, धमकी देणारा प्रत्येक जण धोकादायक नसतो आणि धोकादायक माणूस धमकी देतोच असे नाही, यावर भर असतो. मी सुरक्षारक्षकांना शिकवतो. हा फरक त्यांनी अहवालात कसा उतरवावा?

उत्तर १: विशेषणे गाळून. ‘तो भडकलेला वाटला’ यावरून पुढच्या माणसाला काहीच ठरवता येत नाही. ‘सलग तीन दिवस सुटीच्या वेळी मागच्या दाराशी थांबला आणि रक्षकांची पाळी कधी बदलते हे विचारले’ यावरून ठरवता येते. त्या माणसाचे शब्द जसेच्या तसे, वेळेसह लिहावेत. धर्म, वंश किंवा केवळ कडवट मत हा नोंदीचा आधार होऊ शकत नाही, हे पहिल्याच तासाला सांगा.

उत्तर २: वरील मताशी सहमत आहे, पण माझ्या मते खरी अडचण लेखनाआधीची आहे. अमेरिकी सीक्रेट सर्व्हिस (राष्ट्राध्यक्षांचे संरक्षण करणारी यंत्रणा) आणि शिक्षण खाते यांच्या 2002 च्या अहवालात शाळांवरील 37 हल्ले तपासले होते. त्यांपैकी सुमारे 81 टक्के घटनांत हल्लेखोराचा विचार किंवा बेत आधी कोणाला तरी माहीत होता. माहिती असते, ती पोहोचत नाही. त्यामुळे कोणाला कळवायचे हे रक्षकाला तोंडपाठ हवे, आणि मूल्यांकन त्याने एकट्याने करू नये. ते पोलीस, मानसोपचारतज्ज्ञ आणि व्यवस्थापन यांच्या गटाचे काम आहे.

प्रश्नकर्ता: आभारी आहे. विशेषणे गाळण्याचा सराव उद्याच घेतो.