मदत हवी आहे: कोर्टात हरूनही आइसलंड २०० मैल घेऊन बसला, हे नक्की कसं?

नमस्कार मंडळी,

एलएलएमला आहे. सेमिनार पेपरचा विषय घेतलाय की किनाऱ्यावरच्या देशांनी मासेमारीची हद्द वाढवली तेव्हा कायद्याचं काय झालं आणि पैसा कुणाकडून कुणाकडे गेला. केस म्हणून आइसलंड विरुद्ध ब्रिटन घेतलीय, ती कॉड युद्धं (कॉड हा थंड समुद्रातला मासा, त्यावरून झालेली भांडणं). घेताना वाटलं मजेशीर आहे, गस्तनौका मागून येऊन ट्रॉलरच्या (जाळं ओढत नेणाऱ्या बोटीच्या) जाळ्याची वायर कापून टाकतात वगैरे, आता डोक्याचा पार भुगा झालाय.

आइसलंडने १९५२ ला हद्द ४ मैल केली, १९५८ ला १२, १९७२ ला ५० आणि १९७५ ला थेट २०० (सगळे नॉटिकल मैल, म्हणजे २०० चे साधारण ३७० किमी). मधे १९६१ ला दोघांचा करार झाला, ब्रिटनने १२ मान्य केले आणि आइसलंडने लिहून दिलं की पुढे हद्द वाढवायची झाली तर सहा महिने आधी कळवू आणि वाद झाला तर हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात जाता येईल. मग १९७२ ला ५० केल्यावर ब्रिटन कोर्टात गेलं तर आइसलंड तिकडे फिरकलाच नाही, जुलै १९७४ ला १० विरुद्ध ४ मतांनी निकाल ब्रिटनच्या बाजूने लागला, आणि पुढच्याच वर्षी या पठ्ठ्यांनी २०० जाहीर केले!! आणि १९८२ च्या समुद्र कायद्याच्या करारात तेच २०० मैल जगासाठी नियम म्हणून आले.

मग निकालाला अर्थ काय उरला? बेकायदा होतं ते कायदेशीर नक्की कधी झालं? आणि दुसरं म्हणजे आर्थिक बाजूला सगळीकडे "आइसलंड जिंकला, ब्रिटन हरलं" एवढंच आहे, पण जिंकला म्हणजे आइसलंडमधलं कोण? आमच्या सरांनी हाच प्रश्न विचारला आणि मी गप्प. प्लीज कुणीतरी सांगा.

– वेलदोडा

---

साधा_वकील:
वेलदोडा ताई, निकाल परत नीट वाचा. कोर्टाने "५० मैल बेकायदा" असं सरसकट म्हटलेलंच नाही, म्हटलंय की ही वाढ ब्रिटनवर लागू होत नाही, कारण त्यांची तिथली मासेमारी पिढ्यान्पिढ्याची आहे आणि वर १९६१ चा करार आहे. पण त्याच निकालात आइसलंडला प्राधान्याचा हक्क आहे हेही मान्य केलंय, कारण तो देश जगतोच मासळीवर, आणि दोघांना सांगितलं की बसून बोला. तेव्हा काराकासला यूएनची समुद्र कायद्याची परिषद चालू होती, बरेच देश २०० च्या बाजूने होते, पण कोर्ट म्हणालं जो कायदा अजून व्हायचाय त्यावर आम्ही निकाल देणार नाही.

"कधी कायदेशीर झालं" याला एक तारीख मिळणार नाही. चिली, पेरू, इक्वेडोर १९५२ पासून २०० म्हणत होते, लोक हसायचे. मग १९७६-७७ मधे धडाधड सगळ्यांनी केलं, अमेरिका, कॅनडा, आपण (आपला कायदा १९७६ चा, आर्थिक क्षेत्र म्हणजे हाच २०० मैलांचा पट्टा, १५ जानेवारी १९७७ पासून) आणि गंमत म्हणजे १ जानेवारी १९७७ पासून खुद्द ब्रिटनने! विरोध करणाराच तेच करायला लागला की प्रथा तयार झाली, आणि आंतरराष्ट्रीय कायद्यात देशांची अशी प्रथा म्हणजेच कायदा. पेपरचा मुख्य मुद्दा हाच करा असं मी म्हणेन.

आणि कोर्टाबाहेरचं विसरू नका. फेब्रुवारी १९७६ ला आइसलंडने ब्रिटनशी राजनैतिक संबंध तोडले, दोघेही नाटोत, आणि केफ्लाविकचा अमेरिकन तळ आइसलंडच्या जमिनीवर. शीतयुद्धाच्या काळात तो तळ जाणं कुणालाच परवडणारं नव्हतं. जूनमधे तह झाला.

---

मासेखाऊ_घाटावरचा:
आर्थिक बाजू मी बघतो. त्या तहात ब्रिटनला फक्त २४ ट्रॉलर, तेही सहा महिने. मग संपलं. हल, ग्रिम्स्बी, फ्लीटवुड ही दूर समुद्रातल्या कॉडवर जगणारी बंदरं बसली ती बसलीच, आणि खलाशी कागदोपत्री हंगामी कामगार धरलेले म्हणून नोकरी जातानाची भरपाई नाही. सरकारने भरपाईची योजना आणली कधी, तर २००० साली! तोवर किती जण वारले असतील. ब्रिटनला स्वतःचे २०० मिळाले खरे, पण ते युरोपातल्या बाकी देशांबरोबर वाटून घ्यायचे होते.

पण फक्त आइसलंड घेतलात तर चित्र एकतर्फी होईल, सोबत कॅनडा घ्या. त्यांनीही १९७७ ला २०० केले, परदेशी फॅक्टरी ट्रॉलर बाहेर काढले, सगळे खूष. मग रिकाम्या जागी स्वतःचेच ट्रॉलर घातले, सरकारी मदत देऊन. २ जुलै १९९२ ला न्यूफाउंडलंडची कॉड मासेमारी बंद करावी लागली, तीसेक हजार लोक एका फटक्यात बेकार. हद्द तुमची झाली म्हणजे मासा वाचला असं नाही, फक्त संपवणारा बदलतो. किरिबातीसारखे देश तर स्वतः फार पकडतच नाहीत, ट्यूनाच्या परदेशी बोटींकडून दिवसावर फी घेतात आणि सरकारचा अर्ध्याहून जास्त महसूल त्यातून येतो.

---

वेलदोडा:
बापरे, केवढं दिलंत! धन्यवाद दोघांनाही. पण आइसलंडमधलं कोण जिंकलं ते राहिलंच की हो दादा.

---

मासेखाऊ_घाटावरचा:
हो हो विसरलो. १९८४ ला कॉडवर कोटा (कुणी किती पकडायचं तो ठरलेला हिस्सा) आला, ज्यांच्या बोटी आधीची तीन वर्षं मासे मारत होत्या त्यांना, फुकट. १९९० च्या कायद्याने तो विकता येऊ लागला. मासा टिकला, कंपन्या नफ्यात आल्या, आणि कोटा हळूहळू मोठ्यांकडे गेला, काही गावांच्या बंदरात बोटी उरल्या पण मासे मारायचा हक्क विकला गेलेला. कायद्याचं पहिलंच कलम म्हणतं की मासळी राष्ट्राची सामायिक मालमत्ता! दोन मच्छीमार यूएनच्या मानवाधिकार समितीकडे गेले आणि २००७ ला समितीने म्हटलं की यात भेदभाव आहे. सरांना हे सांगा.

---

खाजणकाठ:
आम्ही मालवणकडचे. राज्याची हद्द १२ मैल, त्यापुढे केंद्र. बाहेरचा हायस्पीड ट्रॉलर आत येऊन जातो तेव्हा पारंपरिक मच्छीमाराला २०० मैलांचा काय उपयोग ते सांगा. पर्ससीन (घेर टाकायची मोठी जाळी), एलईडी दिव्यांच्या मासेमारीचे वाद सगळे किनाऱ्यालगतच.

---

साधा_वकील:
खाजणकाठ भाऊंचा मुद्दा बरोबर आहे, घटनेतच तसं आहे, मासेमारी राज्य सूचीत आणि सागरी हद्दीपलीकडची केंद्राच्या सूचीत. आणि ताई, एक प्रकरण १९८२ च्या समुद्र कायद्याच्या करारातल्या कलम ७३ वर टाका: आर्थिक क्षेत्रात परदेशी बोट पकडली तर जामिनावर लगेच सोडायची आणि दोन देशांत तसा करार नसेल तर खलाशांना तुरुंगवास नाही. आपल्या १९८१ च्या परदेशी बोटींच्या कायद्यातही १२ मैलांच्या आत कैद होऊ शकते, त्याबाहेर फक्त दंड. तरी गुजरातच्या बोटींवरचे आपले पालघरचे खलाशी पाकिस्तानच्या तुरुंगात वर्षानुवर्षं का राहतात? कच्छजवळच्या सर खाडीपासून (सर क्रीक) पुढची समुद्रातली सीमाच अजून ठरलेली नाही, त्यामुळे बोट नक्की कुणाच्या पाण्यात होती इथूनच वाद सुरू होतो.