'अवतार' घ्यावा, करावा की घडवावा?

त्साओ फेई या चिनी कलावतीवर मराठीत टिपण करतेय. 'सेकंड लाइफ' या आभासी जगात ती 'चायना ट्रेसी' होऊन वावरली. तिथेच चित्रित केलेली तिची 'आय. मिरर' ही फिल्म २००७ साली व्हेनिस बिएनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनातल्या चिनी दालनात होती. मी लिहिलं, 'त्साओ फेईचा अवतार'. आईने वाचून विचारलं, "का गं, केस विंचरले नव्हते का तिने?" शब्द आपला, जगभर फिरून आला आणि घरातच हसं झालं. काय लिहू?

—

आईंचं बरोबर आहे. गडबड षष्ठीची आहे. 'विष्णूचा अवतार' ठीक. 'तुझा अवतार बघ' म्हटलं की पिठाचे हात आणि सुटलेला अंबाडा. देवाला षष्ठी पावते, आपल्याला नाही.

मुळात अव + तॄ, म्हणजे खाली उतरणे. (आपलं 'उतरणे' मात्र उत् + तॄ, म्हणजे पाण्यातून वर, काठावर येणे. मराठीत येईस्तोवर दिशाच उलटली.) १९८०च्या दशकात 'हॅबिटॅट' या संगणकखेळात पडद्यावरच्या आकृतीला अवतार म्हणू लागले. खेळाडू टेलिफोनच्या तारेवरून त्या जगात उतरायचा, म्हणून शब्द चपखल बसतो.

—

सरळ 'सोंग' का नको? आमच्या सिंधुदुर्गात दशावतारातला नट स्वतःचं तोंड स्वतःच रंगवतो. 'रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा', म्हणजे रात्री मुकुट होता त्याच डोक्यावर सकाळी पेटारा. ट्रेसीचंही तेच की.

—

दादा, तेच नाही. सोंगाखाली नटाची मान दुखते, घाम येतो. इथे अंग खुर्चीत राहतं आणि भलतंच कोणी चालतं. त्याच फिल्ममध्ये ट्रेसीला एक देखणा तरुण भेटतो. पडद्यामागे तो निघतो साठी ओलांडलेला गृहस्थ. याला सोंग म्हटलं की फसवणुकीचा वास येतो, 'झोपेचं सोंग' असतं तसा. फिल्म त्याला फसवा ठरवत नाही. त्या दोघांतला जिव्हाळा तिला खरा वाटतो.

शिवाय सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही. 'सेकंड लाइफ'मध्ये केस, कपडे, चालण्याची ढब, सगळं विकत मिळतं. तिथलं चलन, लिंडन डॉलर, खऱ्या डॉलरमध्ये मोडता येतं. बाईंनी पुढे तिथेच एक शहर वसवलं, त्याचं नाव 'आरएमबी सिटी'. आरएमबी म्हणजे रेन्मिन्बी, चीनचं चलन! म्हण त्यांना ठाऊक नसणार, पण नेम अचूक.

—

मग मी 'रूप' म्हणेन. पण 'रूप घेतलं' नको. घेतलेलं रूप तयार असतं. इथे नाकाची लांबी, खांद्यांची रुंदी सरकपट्टीवर ठरवायची असते. म्हणून 'घडवलं'.

—

'रूप' गुळगुळीत वाटतं. 'अवतार' ठेवा, फक्त षष्ठी काढा आणि क्रियापद बदला.

—

असं केलंय: 'त्साओ फेईने चायना ट्रेसी हा अवतार घडवला आणि त्यातून ती त्या जगात वावरली.' आई हसली नाही. पण तिथे विकत मिळणाऱ्या 'स्किन'चं, म्हणजे अवताराच्या अंगावर चढवायच्या आवरणाचं, अडलंय. 'त्वचा' लिहिलं तर मलमाची जाहिरात वाटते, 'कातडी' लिहिलं तर चपलांचं दुकान.

—

'कांती' बघा. नाहीतर 'स्किन'च राहू दे, मोबाइलच्या दुकानात सगळे तेच म्हणतात.