साखरपुड्याआधीच पार्टी प्लॉटला, म्हणजे लग्नासाठी भाड्यानं मिळणाऱ्या मैदानाला, विसार दिला. चुकलं का?

कारेलीबागची मुलगी
आमचं दोघांचं ठरून दीड वर्ष झालं. दोन्ही घरी माहीत आहे, जाणं-येणं आहे. साखरपुडा मात्र मार्चनंतर, कारण त्याची आजी गेली आणि वर्षश्राद्ध होईपर्यंत त्यांच्याकडे शुभकार्य करायचं नाही. ते मला पूर्ण मान्य आहे. पण लग्न पुढच्या डिसेंबरात करायचं म्हणजे बडोद्यात काय होतं ते तुम्हाला ठाऊक आहे. डिसेंबरच्या मध्याला कमुरता, म्हणजे गुजराती लोक शुभकार्य करत नाहीत ते दिवस, लागतात, त्या थेट उत्तरायणापर्यंत, म्हणजे संक्रांतीपर्यंत. परदेशातली मंडळी नेमकी याच सुमारास सुट्टीवर येतात. मग गुजराती घरांची लग्नं डिसेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात नाहीतर उत्तरायणानंतर दाटीनं होतात आणि चांगले प्लॉट कधीच गेलेले असतात.

म्हणून आम्ही जाऊन २५ हजार विसार देऊन आलो. पैसे बाबांनी दिले. आत्याला कळल्यावर ती म्हणाली, "सुपारी फुटली नाही आणि मांडव घालायला निघालात?" तेव्हापासून माझ्याशी बोलत नाही. मला वाटतं, लग्न आमच्या मनात ठरलंय, साखरपुडा ते चार लोकांना सांगण्यासाठी. पाहुणे किती, खर्च कोणाचा, हे आधी बोललं तर साखरपुडा शांतपणे होतो. यात चूक काय?

रावपुऱ्याच्या काकू
अगं, आत्याचं बोलणं टोचलं असेल, पण ती उगाच बोलली नाही. शकुन-अपशकुन मी बाजूला ठेवते, माझी हरकत पैशाला आहे. माझ्या भाचीचं असंच झालं. साखरपुडा व्हायचा होता, पण प्लॉट आणि कॅटरर, दोघांनाही पैसे देऊन झाले होते. मग मुलाकडच्यांचं सुरू झालं. आधी "आमच्या पाहुण्यांच्या उतरण्याची सोय तुम्ही करा", मग सोन्याचा विषय. तिला नको झालं होतं, माझ्याजवळ रडली. वडिलांना सांगितलं तर त्यांच्या तोंडून पहिलं वाक्य निघालं, "आणि दिलेल्या पैशांचं काय?" ते वाईट गृहस्थ नाहीत. रिटायर झालेल्या माणसाला दीड लाख ही मोठी रक्कम असते. पण त्या एका वाक्यानं ती गप्प बसली आणि लग्न झालं. आज ती सुखी आहे असं मला म्हणता येत नाही. साखरपुड्यापर्यंत मुलीला "नको" म्हणता आलं पाहिजे. तू ती वाट स्वतःच अडवते आहेस.

मंडपवाला
मी याच धंद्यात आहे. ताई, पावती काढून बघा. नुसतं "विसार मिळाला" एवढंच लिहिलं असेल तर रद्द केल्यावर पैसे परत मिळणं कठीण. तारीख एकदा बदलून मिळेल का, किती दिवस आधी कळवलं तर किती कापणार, जनरेटर, साफसफाई आणि लाइटबिल भाड्यात धरलंय का, हे सगळं लिहून घ्या. तोंडी बोलणं सीझनमध्ये कुणाला आठवत नाही.

आणखी एक. एवढी घाई मराठी घरांना कशाला? आपल्या पंचांगांत डिसेंबरच्या शेवटच्या दिवसांतही मुहूर्त सापडतात. गुजराती यजमान कमुरत्यात लग्न करत नाहीत, त्यामुळे प्लॉट मोकळे असतात आणि मालकही भाव सोडतो. गुरुजींना विचारा.

कारेलीबागची मुलगी
हे विचारलं होतं. पण आमच्या वाडीतली निम्मी माणसं गुजराती आहेत, आईच्या भिशीतल्या सगळ्या बायका गुजराती. त्या येतील, पण मनात रुखरुख ठेवून येतील. आईला ते नको आहे.

दांडिया बाजारचे आजोबा
आधी तयारी करणं ही नवी गोष्ट नाही. आमच्या वेळी बैठक बसायची, दोन्हीकडची जाणती माणसं याद्या लिहायची. मानपान, कपडे, जेवणावळी, कोणाचा खर्च कोणाकडे, सगळं कागदावर. कागदाला हळदकुंकू लागायचं. आमच्याकडे साखरपुडा त्यानंतर झाला. मुलीनं हिशेब आधी मांडला तर ती रीतीनंच वागते आहे.

रावपुऱ्याच्या काकू
आजोबा, मान्य. पण बैठकीतून माणसं उठूनही जायची. यादीवर पैसे लागलेले नसायचे. माझं भांडण यादीशी नाही, पावतीशी आहे.

एका मुलाकडून
मी तिसरंच सांगतो. आम्ही साखरपुड्याआधी चार महिने लग्नाची तयारी केली. रोज फोनवर मेनू, डेकोरेशन, फोटोग्राफर. एकमेकांशी खूप बोलतोय असं वाटायचं. ती पुण्यातली नोकरी सोडणार की मी बडोदं सोडणार, हे एकदाही बोललो नाही. साखरपुड्याच्या आठ दिवस आधी तो विषय निघाला आणि तिथेच सगळं थांबलं. दोष तिचा नाही, माझाही नाही. पण मेनूवर बोलायला जेवढा वेळ दिला त्यातला एक रविवार याला दिला असता तर दोन घरांना एवढा त्रास झाला नसता. ताई, तुमचं हे बोलणं झालंय का?

नोंदणीवाली
मी मराठी, नवरा गुजराती. आमचं लग्न १९५४च्या विशेष विवाह कायद्यानं झालं. त्यात आधी नोटीस द्यावी लागते, मग ३० दिवस थांबायचं, आणि नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत लग्न झालं नाही तर ती रद्द होऊन पुन्हा द्यावी लागते. आम्ही नोटीस दिली तेव्हा गोळधाणाही (गुजराती घरांत लग्न ठरल्याचा विधी) झाला नव्हता आणि साखरपुडाही नाही. काकू, आधी तयारी केली म्हणून मी अडकले नाही. महिनाभर कागदपत्रं गोळा करताना मीच दहादा स्वतःला विचारलं की हे मला हवंय ना. तुमच्या भाचीला प्लॉटनं अडकवलं नाही, वडिलांच्या पैशानं अडकवलं. विसार तिच्या पगारातला असता तर?

रावपुऱ्याच्या काकू
हा प्रश्न मला भाचीच्या वेळी सुचला नाही. तेव्हा ती कमावत नव्हती.

कारेलीबागची मुलगी
दोन दिवस उत्तर दिलं नाही, कारण आम्ही दोघं बसून बोलत होतो. नोकरीचं आधीच ठरलं होतं. त्याचे आईबाबा पुढे आमच्याकडे राहतील का, हे ठरलं नव्हतं. अजूनही पूर्ण ठरलेलं नाही, पण निदान बोलायला सुरुवात झाली आहे. आज प्लॉटवर जाऊन पावती बदलून आणली. आता ती आमच्या दोघांच्या नावावर आहे, तारीख एकदा बदलता येईल असं मालकानं सहीनं लिहून दिलंय. बाबांचे २५ हजार आम्ही अर्धे अर्धे करून परत केले. ते घेत नव्हते, आईनं घ्यायला लावले. आत्याकडे रविवारी जाणार आहे.

रावपुऱ्याच्या काकू
पावती बदललीस ते फार बरं केलंस. तरी कॅटररला आणि फोटोग्राफरला मार्चपर्यंत एक रुपयाही देऊ नकोस. आत्याकडे एकटीच जा, त्याला नेऊ नकोस.